१.६० मीटर : ग्रेटेल बर्गमन यांची क्रीडा कारकीर्द आणि १९३६ चे बर्लिन ऑलिम्पिक – एक ऐतिहासिक अभ्यास

प्रस्तावना :

१९३६ च्या बर्लिन ऑलिम्पिकचा उल्लेख होताच भारतीय वाचकाच्या मनात ध्यानचंद यांचे नाव येते. १५ ऑगस्ट १९३६ रोजी भारतीय हॉकी संघाने यजमान जर्मनीचा ८–१ असा पराभव केला, ही आपल्या क्रीडा इतिहासातील अभिमानाची घटना होय. महाराष्ट्राच्या दृष्टीने या स्पर्धेला आणखी एक संदर्भ आहे. अमरावतीच्या श्री हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाच्या पथकाने त्या वेळी बर्लिनमध्ये भारतीय खेळांची व व्यायामप्रकारांची प्रात्यक्षिके सादर केली होती. परंतु त्याच बर्लिनच्या मैदानावर जी खेळाडू असावयास हवी होती आणि नव्हती, तिचे नाव आपल्याकडे क्वचितच घेतले जाते. ग्रेटेल बर्गमन हे ते नाव होय. जर्मनीच्या राष्ट्रीय विक्रमाची बरोबरी करूनही केवळ ज्यू असल्यामुळे त्यांना ऑलिम्पिकपासून दूर ठेवण्यात आले.

क्रीडा इतिहासाचे लेखन बहुधा विजेत्यांच्या नोंदींवर आधारलेले असते. जो खेळाडू मैदानात उतरलाच नाही त्याची नोंद निकालपत्रकात नसते. अशा अनुपस्थितीचा इतिहास कसा लिहावा, हा अभ्यासकापुढील महत्त्वाचा प्रश्न आहे. प्रस्तुत निबंधात बर्गमन यांच्या कारकिर्दीचा कालक्रमाने आढावा घेऊन पुढील दोन प्रश्नांचा विचार केला आहे. पहिला, एका खेळाडूची गुणवत्ता राजसत्तेने कोणत्या रीतीने स्वतःच्या हेतूसाठी वापरली? दुसरा, पुसून टाकलेली नोंद अनेक दशकांनंतर पूर्ववत केल्याने नेमके काय साध्य होते?

पूर्वायुष्य आणि प्रारंभिक यश :

ग्रेटेल बर्गमन यांचा जन्म १२ एप्रिल १९१४ रोजी दक्षिण जर्मनीतील वुर्टेम्बर्ग प्रांतातील लाउपहाइम या लहान गावी झाला. वडील उद्योजक होते. लाउपहाइममध्ये ज्यू समाजाची वस्ती जुनी होती आणि ज्यू व ख्रिस्ती कुटुंबांचे परस्परसंबंध सलोख्याचे होते. आपण ज्यू आहोत यापेक्षा आपण जर्मन आहोत हीच भावना त्या काळात आपल्या मनात प्रबळ होती, असे बर्गमन यांनी उत्तरायुष्यात अनेकदा सांगितले आहे. धावणे, पोहणे, गोळाफेक, उंच उडी अशा विविध खेळांत त्यांना लहानपणापासूनच गती होती.

१९३० साली त्यांनी उल्म येथील क्रीडा मंडळात प्रवेश घेतला. १९३१ मध्ये दक्षिण जर्मनीच्या स्पर्धेत त्यांनी १.५१ मीटर उंच उडी मारली. आजच्या वाचकास हा आकडा किरकोळ वाटण्याची शक्यता आहे. म्हणून त्या काळातील परिस्थिती ध्यानात घेणे आवश्यक आहे. स्त्रियांच्या उंच उडीचा ऑलिम्पिकमध्ये समावेशच मुळी १९२८ साली ॲमस्टरडॅम येथे झाला. पाठीवरून दांडा ओलांडण्याची आज रूढ असलेली पद्धत १९६८ च्या मेक्सिको ऑलिम्पिकमध्ये डिक फॉस्बरी यांनी जगासमोर आणली; तत्पूर्वी ती प्रचारात नव्हती. उडीनंतर खेळाडू जाड गादीवर नव्हे, तर वाळूत उतरत असे. साहजिकच, उडी मारताना सुरक्षितपणे खाली येण्याचाही विचार करावा लागे. १९३२ च्या लॉस एंजेलिस ऑलिम्पिकमधील स्त्रियांची विक्रमी उडीसुद्धा १.६५ मीटरच्या आसपासच होती. या पार्श्वभूमीवर सतरा वर्षांच्या मुलीची १.५१ मीटरची उडी निश्चितच आश्वासक होती.

१९३३ : मैदानाचे दार बंद :

३० जानेवारी १९३३ रोजी हिटलर सत्तेवर आला. त्यानंतर अवघ्या काही आठवड्यांत जर्मनीतील क्रीडासंस्थांनी ज्यू सभासदांना वगळण्यास प्रारंभ केला. येथे एक बाब विशेष नोंदविण्याजोगी आहे. न्यूरेंबर्गचे वंशभेदी कायदे सप्टेंबर १९३५ मध्ये झाले. परंतु क्रीडा मंडळांनी कायद्याची वाट पाहिली नाही. अनेक संस्थांनी सत्तेचा कल ओळखून आपणहून ही कारवाई केली. उल्मच्या मंडळाने एप्रिल १९३३ मध्ये बर्गमन यांचे सभासदत्व रद्द केले. बर्लिनच्या शारीरिक शिक्षण महाविद्यालयात प्रवेश घेण्याची त्यांची इच्छाही त्यामुळे अपुरी राहिली. काल ज्यांच्याबरोबर सराव केला ते आज रस्त्यात ओळख दाखवीनासे झाले. एकोणिसाव्या वर्षी आलेला हा अनुभव त्यांच्या मनावर कायमचा कोरला गेला.

वडिलांनी त्यांना इंग्लंडला पाठविले. लंडनमध्ये शिक्षण घेत असतानाच त्यांनी सराव चालू ठेवला आणि १९३४ साली १.५५ मीटर उडी मारून ब्रिटिश स्त्रियांच्या राष्ट्रीय स्पर्धेत विजेतेपद मिळविले. जर्मनीने नाकारलेली खेळाडू ब्रिटनची विजेती ठरली होती. त्यांच्या आयुष्याला येथून वेगळी दिशा मिळू शकली असती. परंतु तसे घडले नाही.

बहिष्काराची चळवळ आणि सक्तीचे पुनरागमन :

१९३६ चे ऑलिम्पिक बर्लिनला देण्याचा निर्णय १९३१ साली, म्हणजे हिटलर सत्तेवर येण्यापूर्वीच झाला होता. १९३३ नंतर मात्र या निर्णयाविरुद्ध जगभर, विशेषतः अमेरिकेत, आवाज उठू लागला. जून १९३३ मध्ये व्हिएन्ना येथे भरलेल्या आंतरराष्ट्रीय ऑलिम्पिक समितीच्या अधिवेशनात, जर्मन संघातून ज्यू खेळाडूंना तत्त्वतः वगळले जाणार नाही, असे आश्वासन जर्मनीच्या प्रतिनिधींना द्यावे लागले. आश्वासन दिले गेल्यावर पुरावा दाखविणे क्रमप्राप्त होते. बर्गमन यांच्या जर्मनीतील पुनरागमनाचा अर्थ या संदर्भातच लावावा लागतो.

१९३४ मध्ये वडील इंग्लंडला आले. ब्रिटिश स्पर्धेतील मुलीचे यश त्यांनी पाहिले आणि पाठोपाठ, तिने जर्मनीस परत यावे असा तेथील अधिकाऱ्यांचा आग्रह असल्याचे सांगितले. नकार दिल्यास कुटुंबाला आणि इतर ज्यू खेळाडूंना त्याचे परिणाम भोगावे लागतील, हे स्पष्ट होते. बर्गमन परतल्या. हा निर्णय त्यांचा होता असे म्हणणे केवळ शब्दार्थाने खरे आहे. ज्याला नकाराचे स्वातंत्र्य नाही त्याच्या होकाराला संमती म्हणता येत नाही.

जर्मनीत आल्यावर त्यांना ऑलिम्पिकच्या तयारीसाठी योजलेल्या प्रशिक्षण शिबिरांत बोलाविण्यात आले. परंतु शिबिर संपताच त्यांची स्थिती पुन्हा बहिष्कृताची होत असे. सार्वजनिक मैदाने व चांगले प्रशिक्षक त्यांना उपलब्ध नव्हते. ज्यू माजी सैनिकांच्या संघटनेने चालविलेल्या ‘शिल्ड’ या क्रीडा संघाच्या स्टुटगार्ट शाखेतून त्या खेळत होत्या. ही संघटना जर्मन ॲथलेटिक्स महासंघाची सभासद नव्हती आणि महासंघाच्या मंडळाचा सभासद नसलेल्या खेळाडूस राष्ट्रीय स्पर्धेत प्रवेश नव्हता. अर्थात, प्रथम ज्यूंना मंडळांतून काढावयाचे आणि मग मंडळाचे सभासदत्व नाही म्हणून स्पर्धेतून वगळावयाचे, असा हा दुहेरी डाव होता. नियमाच्या भाषेत कोठेही ‘ज्यू’ हा शब्द न उच्चारता ज्यूंना दूर ठेवण्याची ही सोय होती.

इकडे अमेरिकेत बहिष्काराचा प्रश्न धसास लागला होता. अमेरिकन ऑलिम्पिक समितीचे अध्यक्ष एव्हरी ब्रंडेज यांनी १९३४ मध्ये जर्मनीला भेट देऊन सहभागाच्या बाजूने मत दिले. हौशी ॲथलेटिक्स संघटनेचे अध्यक्ष जेरेमाया महोनी बहिष्काराच्या बाजूने उभे राहिले. डिसेंबर १९३५ मध्ये या संघटनेच्या बैठकीत बहिष्काराचा प्रस्ताव अगदी अल्प मताधिक्याने फेटाळला गेला. जर्मन संघाच्या शिबिरात ज्यू खेळाडू आहेत, ही गोष्ट सहभागाच्या समर्थकांच्या उपयोगी पडणारी होती. बर्गमन यांना याची जाणीव होती. आपण खेळाडू म्हणून नव्हे, तर देखावा म्हणून तेथे आहोत, हे त्या ओळखून होत्या. त्यांच्या मनातील कोंडी मोठी विलक्षण होती. जिंकल्यास विजयमंचावर नाझी सलाम करावा लागणार काय? हरल्यास ज्यू कनिष्ठच असतात या प्रचाराला बळ मिळणार काय? तरीही त्यांनी सराव सोडला नाही. संतापामुळे आपली उडी अधिक उंच होत असे, असे त्यांनी पुढे म्हटले आहे.

१.६० मीटर आणि एक पत्र :

जून १९३६ च्या अखेरीस स्टुटगार्ट येथे वुर्टेम्बर्ग प्रांताची स्पर्धा झाली. ज्या मैदानावर ती झाली त्यास त्या काळी खुद्द हिटलरचे नाव दिलेले होते. त्या मैदानावर बर्गमन यांनी १.६० मीटर, म्हणजे सुमारे ५ फूट ३ इंच उंच उडी मारून जर्मनीच्या राष्ट्रीय विक्रमाची बरोबरी केली. ऑलिम्पिकला जेमतेम महिना उरला होता. गुणवत्तेच्या कोणत्याही निकषावर त्यांची निवड टाळणे शक्य नव्हते.

अमेरिकन संघाला घेऊन ‘मॅनहॅटन’ हे जहाज १५ जुलै १९३६ रोजी न्यूयॉर्कहून निघाले. दुसऱ्याच दिवसाच्या, म्हणजे १६ जुलैच्या तारखेचे पत्र बर्गमन यांना मिळाले. त्यांची अलीकडील कामगिरी पाहता निवडीची अपेक्षा त्यांनी स्वतःही केली नसेल, अशा आशयाचा मजकूर त्यात होता. सांत्वन म्हणून ॲथलेटिक्सच्या स्पर्धा उभ्याने पाहण्याचे प्रवेशपत्र देऊ केले होते. प्रवास व निवासाचा खर्च मात्र मिळणार नव्हता. संघातील इतर खेळाडूंना त्या जखमी असल्याचे सांगण्यात आले. जी कामगिरी दोन-तीन आठवड्यांपूर्वी राष्ट्रीय विक्रमाच्या बरोबरीची होती, तीच अपुरी ठरविण्यात आली.

या दोन तारखांमधील अंतर अभ्यासकाच्या दृष्टीने बोलके आहे. अमेरिकेचा संघ समुद्रात असताना परतण्याची शक्यता उरली नव्हती, आणि म्हणून बर्गमन यांची गरजही उरली नव्हती. बर्गमन यांनी स्वतः या घटनेचा हाच अर्थ लावला आणि बहुतेक इतिहासकारांनी तो ग्राह्य मानला आहे. हुकूमशाही सत्ता सर्व काही बळानेच करते असा सर्वसाधारण समज असतो. येथे बळाचा नव्हे, तर वेळापत्रकाचा वापर झालेला दिसतो.

बर्लिनमधील निकाल :

९ ऑगस्ट १९३६ रोजी स्त्रियांच्या उंच उडीची अंतिम स्पर्धा झाली. प्रत्येक देशास तीन खेळाडू उतरविण्याची मुभा असताना जर्मनीने दोनच खेळाडू उतरविल्या. हंगेरीच्या इबोल्या चाक, ब्रिटनच्या सोळा वर्षीय डोरोथी ओडम आणि जर्मनीच्या एल्फ्रीडे काउन या तिघींनी १.६० मीटर उंची पार केली. बरोबरी सोडविण्यासाठी घेतलेल्या जादा उडीत १.६२ मीटर पार करून चाक यांनी सुवर्णपदक पटकाविले. ओडम यांना रौप्य व काउन यांना कांस्यपदक मिळाले. इबोल्या चाक या स्वतः ज्यू वंशाच्या होत्या. म्हणजेच ज्या स्पर्धेतून जर्मनीने आपल्या ज्यू खेळाडूला वगळले, त्याच स्पर्धेचे सुवर्णपदक बर्लिनमध्ये एका ज्यू स्त्रीने जिंकले.

बर्गमन स्पर्धेत असत्या तर त्या जिंकल्या असत्या काय? लोकप्रिय लेखनात याचे उत्तर बहुधा होकारार्थी दिले जाते. इतिहासाच्या अभ्यासकाने मात्र येथे संयम पाळावयास हवा. १.६० मीटर या त्यांच्या उडीने त्या पदकविजेत्यांच्या पंक्तीत बसल्या असत्या, एवढेच उपलब्ध आकड्यांवरून म्हणता येते. परंतु अन्याय सिद्ध करण्यासाठी विजयाची खात्री असण्याची गरजही नाही. त्यांच्याकडून हिरावले गेले ते पदक नव्हे, तर प्रयत्नाचा हक्क होता. पदकाच्या तर्कवितर्कांत हा मूळ मुद्दा झाकोळला जाऊ नये.

जर्मन संघात ज्यू खेळाडू मुळीच नव्हत्या असेही नाही. ज्यू पित्याची कन्या असलेल्या हेलेने मायर यांना तलवारबाजीत स्थान देण्यात आले. त्यांनी रौप्यपदक मिळविले आणि विजयमंचावर नाझी सलामही केला. एकीला दाखविण्यासाठी ठेवले आणि दुसरीला वेळ साधून काढले, ही एकाच धोरणाची दोन अंगे होत.

डोरा राट्येन प्रकरण आणि साधनांची चिकित्सा :

जर्मनीची दुसरी उंच उडीपटू डोरा राट्येन या बर्लिनमध्ये १.५८ मीटर उडीसह चौथ्या क्रमांकावर राहिल्या. शिबिरात बर्गमन व राट्येन एका खोलीत राहत असत. १९३८ मध्ये व्हिएन्ना येथील युरोपीय स्पर्धेनंतर परतत असताना राट्येन यांना माग्डेबुर्ग स्थानकावर ताब्यात घेण्यात आले. वैद्यकीय तपासणीनंतर त्यांची नोंद पुरुष म्हणून करण्यात आली, त्यांचे पदक व विक्रम रद्द झाले. पुढे त्यांनी हाइनरिख या नावाने आयुष्य व्यतीत केले.

या घटनेवरून एक कथा रूढ झाली. ज्यू खेळाडूची जागा भरण्यासाठी नाझी सत्तेने जाणूनबुजून एका पुरुषाला स्त्रीवेषात उतरविले, असे ती कथा सांगते. २००९ साली प्रदर्शित झालेल्या ‘बर्लिन ३६’ या जर्मन चित्रपटानेही याच कथेचा आधार घेतला. तथापि, त्याच वर्षी ‘डेर श्पीगेल’ या जर्मन नियतकालिकाने तत्कालीन पोलीस व वैद्यकीय कागदपत्रांच्या आधारे वेगळे चित्र मांडले. राट्येन यांची नोंद जन्मतःच मुलगी म्हणून झाली होती आणि त्यांना मुलगी म्हणूनच वाढविण्यात आले होते. सत्तेने रचलेल्या कटाचा पुरावा या कागदपत्रांत आढळत नाही. त्या काळी आपल्याला कसलाही संशय आला नव्हता, असे बर्गमन यांनीही म्हटले आहे.

हा मुद्दा प्रस्तुत विषयात गौण नाही. अन्याय करणाऱ्या सत्तेविषयी कोणतीही वाईट गोष्ट सहज खरी वाटते. परंतु अपुऱ्या पुराव्यावर रचलेली कथा शेवटी खऱ्या अन्यायाच्या साक्षीलाच दुबळी करते. नाझी सत्तेचा अपराध सिद्ध करण्यास १६ जुलैचे ते पत्र पुरेसे आहे. शिवाय, राट्येन यांच्या वाट्याला आलेली अवहेलना हा एक स्वतंत्र मानवी प्रश्न आहे आणि त्याकडे सहानुभूतीनेच पाहावयास हवे.

अमेरिकेतील जीवन :

१९३७ साली बर्गमन यांनी जर्मनी सोडली. देशाबाहेर पैसा नेण्यावर कडक निर्बंध असल्यामुळे न्यूयॉर्कला उतरताना त्यांच्याजवळ केवळ १० मार्क होते. घरकामापासून मसाज करण्यापर्यंत पडेल ते काम त्यांनी केले. त्याच वर्षी त्यांनी अमेरिकेच्या राष्ट्रीय स्पर्धेत उंच उडी व गोळाफेक या दोन्ही प्रकारांत विजेतेपद मिळविले. १९३८ साली उंच उडीचे विजेतेपद पुन्हा राखले. ब्रिटन आणि अमेरिका या दोन देशांच्या त्या राष्ट्रीय विजेत्या ठरल्या. ज्या देशाचे नाव त्यांना छातीवर मिरवावयाचे होते, त्या देशाच्या राष्ट्रीय स्पर्धेत मात्र त्यांना उतरूही दिले गेले नाही.

१९३८ मध्ये त्यांचा विवाह डॉ. ब्रुनो लॅम्बर्ट यांच्याशी झाला. तेही जर्मनीतून आलेले ज्यू खेळाडू होते. १९३९ मध्ये महायुद्धास तोंड फुटले आणि बर्गमन यांची स्पर्धात्मक कारकीर्द संपली. १९४२ मध्ये त्यांना अमेरिकेचे नागरिकत्व मिळाले आणि पुढील आयुष्य त्यांनी मार्गारेट लॅम्बर्ट या नावाने न्यूयॉर्कमध्ये व्यतीत केले. ब्रुनो यांचे आईवडील व अनेक नातलग वंशसंहारात बळी पडले. जर्मन भूमीवर पुन्हा पाऊल ठेवावयाचे नाही आणि जर्मन भाषा बोलावयाची नाही, असा निश्चय मार्गारेट यांनी केला होता.

पुनर्नोंद :

हा निश्चय सैल होण्यास सुमारे सहा दशके लागली. १९९५ मध्ये बर्लिनमधील एका क्रीडासंकुलास त्यांचे नाव देण्यात आले. या समारंभास त्या गेल्या नाहीत. १९९६ च्या अटलांटा ऑलिम्पिकला मात्र जर्मन ऑलिम्पिक समितीच्या सन्माननीय पाहुण्या म्हणून त्या उपस्थित राहिल्या. १९९९ साली लाउपहाइमच्या मैदानास त्यांचे नाव दिले गेले तेव्हा त्या आपल्या जन्मगावी परतल्या. वडिलांच्या पिढीच्या अपराधासाठी आजच्या तरुणांना जबाबदार धरता येणार नाही, आणि त्या मैदानाचे नाव कोणाचे आहे असा प्रश्न मुलांनी विचारला तर त्यांना ही हकिकत कळेल, असा विचार त्यामागे होता.

नोव्हेंबर २००९ मध्ये जर्मन ॲथलेटिक्स महासंघाने बर्गमन यांचा १९३६ चा १.६० मीटरचा विक्रम अधिकृत नोंदीत पुन्हा समाविष्ट केला. त्या वेळी त्यांचे वय ९५ वर्षांचे होते. झालेल्या अन्यायाची यामुळे भरपाई होत नाही, हेही महासंघाने मान्य केले. २५ जुलै २०१७ रोजी वयाच्या १०३ व्या वर्षी त्यांचे न्यूयॉर्क येथे निधन झाले.

निष्कर्ष :

१) बर्गमन यांना शिबिरात बोलाविणे आणि ऐनवेळी वगळणे या परस्परविरोधी कृती नसून एकाच धोरणाचे दोन टप्पे होते. भेदभाव करणारी सत्ता प्रसंगी समावेशाचा देखावाही उभा करू शकते.

२) क्रीडासंस्थांनी कायदा होण्यापूर्वीच ज्यू सभासदांना काढले. अन्यायाची सुरुवात नेहमी शासनाच्या आदेशाने होते असे नाही. स्थानिक संस्थांचे मौन व तत्परता यांचाही त्यात मोठा वाटा असतो.

३) आंतरराष्ट्रीय क्रीडा संघटनांनी आश्वासन स्वीकारले, परंतु त्याच्या पूर्ततेची पडताळणी केली नाही. खेळ व राजकारण वेगळे ठेवावे, या तत्त्वाचा लाभ प्रत्यक्षात राजकारण करणाऱ्यासच झाला.

४) विक्रमाची पुनर्नोंद ही भरपाई नसली तरी ती निरर्थकही नाही. १९३६ मध्ये नोंद पुसून जे असत्य रचले गेले, ते त्याच नोंदवहीत दुरुस्त झाले.

समारोप :

उंच उडीचे माप खेळाडूचा धर्म, वंश वा आडनाव विचारीत नाही. दांडा खाली पडला किंवा नाही, एवढाच प्रश्न तेथे असतो. म्हणूनच बर्गमन यांच्या बाबतीत मापात खोट काढता आली नाही. ते मापच नोंदवहीतून वगळावे लागले. शिक्षणक्षेत्रात काम करणाऱ्या आपल्यासारख्यांनाही निवड, पात्रता व नियम यांच्याशी रोजच संबंध येतो. महाविद्यालयाच्या मैदानावर असो वा प्रवेशाच्या यादीत, एखादे नाव नियमाच्या भाषेत वगळले जाते तेव्हा तो नियम कोणी, केव्हा व कशासाठी केला, हे विचारण्याची सवय या इतिहासाने आपणांस लावावी. स्टुटगार्टच्या मैदानावरील १.६० मीटरची ती उडी नोंदवहीत परत येण्यास ७३ वर्षे लागली. इतका विलंब पुन्हा कोणाच्या वाट्याला येऊ नये, यासाठीच अशा अनुपस्थितांचा इतिहास लिहिणे व शिकविणे आवश्यक आहे.